बोवीचे ‘मर्क्युरी डेमोज’ : आठ महिन्यांच्या श्रवणानंतर

ब्रिटिश रॉक गायक डेव्हिड बोवीची ‘द मर्क्युरी डेमोज’ ही २०१९ साली निघालेली तबकडी गेले आठ महिने माझ्याकडे आहे आणि आठवड्यातून एकदा तरी ती लावली जातेच. १९६९ च्या वसंतात बोवीने जॉन हचिन्सन या गिटारवादक मित्राला सोबतीला घेऊन लंडनमधल्या आपल्या घरीच, रेव्हॉक्स टेपयंत्रावर, एका बैठकीत कच्च्या स्वरूपात (डेमो म्हणून) मुद्रित केलेली दहा गाणी तीत आहेत. पहिले काही आठवडे मी निराशच होतो. टेपची खरखर आहे, आवाज मोनो आहे आणि झिगी स्टारडस्ट या बोवीने पुढे रंगमंचावर साकारलेल्या पात्राचा झगमगाट शोधणाऱ्याच्या हाती इथे काहीच लागत नाही.

मत बदलले ते ‘स्पेस ऑडिटी’मुळे. या मुद्रणात पृथ्वीवरच्या नियंत्रण कक्षाच्या ओळी हचिन्सन गातो आणि अंतराळातल्या मेजर टॉमच्या बोवी. मागे स्टायलोफोन या छोट्या इलेक्ट्रॉनिक वाद्याची किरकिर चालू असते. म्हणजे हे गाणे मुळात खरोखरचा संवाद होते. पुढे पैशांच्या ओढाताणीमुळे हचिन्सन कुटुंबासह उत्तर इंग्लंडमधल्या स्कारबरोला परतला, आणि जुलै १९६९ मध्ये निघालेल्या रेकॉर्डवर दोन्ही पात्रे बोवी एकटाच गातो. १९७२ मध्ये लाल केसांच्या झिगीचे सोंग त्याने घेतले, त्याला सारे जग त्याचा कायापालट मानते. मला मात्र वाटते की एकाच गळ्यातून दोन माणसे बोलू लागली, तेव्हाच तो नट झाला होता. रंगभूषा नंतर आली.

दुसरे असे गाणे म्हणजे ‘लव्हर टू द डॉन’. पुढे त्यातूनच ‘सिग्नेट कमिटी’ हे साडेनऊ मिनिटांचे, संतापाने खदखदणारे गाणे झाले. इथे ते अजून साधे, दोघांनी मिळून गायलेले लोकगीत वाटते. दोन्ही लागोपाठ ऐकल्याखेरीज हे अंतर उमजत नाही. ‘व्हेन आय ॲम फाइव्ह’ हे लहान मुलाच्या तोंडचे गाणे मात्र मी आता सुई उचलून ओलांडतो.

ज्यांना बोवीची केवळ गाजलेली गाणी ठाऊक आहेत, त्यांनी सुरुवात इथून करू नये. ‘जनीन’च्या अखेरीस हे दोघे सहज बीटल्सच्या ‘हे ज्यूड’मध्ये शिरतात; त्या वेळी मी अजूनही हातातले काम बाजूला ठेवतो.