कॉलेज रोडचा एडिटिंग क्लास, नक्की करा

नाशिकच्या कॉलेज रोडला वीकेंडला व्हिडिओ एडिटिंगचा जो क्लास चालतो ना, तो नुकताच केला आणि एकदम पैसा वसूल. सॉफ्टवेअर शिकवतात ते ठीकच, बटणं काय यूट्यूबवर पण समजतात, पण सरांनी एक अख्खा रविवार फिल्म एडिटर रेणू सलुजांवर घेतला ना, तो खरा क्लास. पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटला शिकलेली बाई, 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर' अशी एडिटिंगची चार नॅशनल अवॉर्ड्स, आणि २००० साली अवघ्या ४८ व्या वर्षी गेली, खूप वाईट वाटलं ऐकून. तेव्हा सगळं रिळावर, सेकंदाला २४ फ्रेम, हाताने कापायचं नि चिकटवायचं, म्हणजे कट मारायच्या आधीच सीन डोक्यात पक्का हवा.

मग सरांनी एक छोटा सीन लावला, आई स्वयंपाकघरात बसलीय आणि मुलगा घरी येतो. दार उघडतं तिथे सरळ कट होता, म्हणजे चित्र नि आवाज एकदमच बदलत होते. सरांनी फक्त कडीचा आवाज १२ फ्रेम आधी आणला, आईचा चेहरा दिसत असतानाच, म्हणजे बघा जेमतेम अर्धा सेकंद, आणि खरंच अंगावर काटा आला! आता कुठलाही पिक्चर बघताना मी आवाज आधी येतो का तेच ऐकते.

पीसी कमी आहेत, दोघांत एक मिळतो, आणि पार्किंगची बोंब आहेच. तरी फाळक्यांच्या नाशकात असं शिकवणारं कोणीतरी आहे याचा फार आनंद झाला. लग्नाचे व्हिडिओ करणाऱ्या पोरांनी तर जाच, फक्त नाव लवकर द्या, बॅच पटकन भरते.