जिना चढणारी केइको

मिकिओ नारुसे यांचा १९६० सालचा 'व्हेन अ वुमन असेंड्स द स्टेअर्स' हा कृष्णधवल जपानी चित्रपट मी देसाईगंजजवळच्या आमच्या गावी, धानाची कापणी आटोपल्यावर एका थंड रात्री पाहिला. टोकियोतील गिन्झा भागातल्या बारमध्ये ग्राहकांची सरबराई करणारी विधवा केइको तिशीला टेकली आहे. पुन्हा लग्न करायचे, कोणाचा आश्रय घ्यायचा की पैसा उभारून स्वतःचा बार उघडायचा, हे तिला ठरवायचे आहे. केइको साकारणाऱ्या हिदेको ताकामिने यांचा अभिनय पाहावा तो बारच्या जिन्यावर. वर पोहोचेपर्यंत चेहऱ्यावरचा थकवा जातो आणि तिथे हसू येते.

उंची किमोनो आणि महागडे घरभाडे हा धंद्याचाच खर्च, त्यात भाऊ पोलिओ झालेल्या मुलाच्या शस्त्रक्रियेसाठी पैसे मागतो. युद्धानंतर सावरलेल्या शहरातील या झगमगाटाचा हिशेब इतक्या नेमकेपणाने मांडणारा दुसरा चित्रपट मी पाहिलेला नाही. आमच्याकडे पूर्व विदर्भात झाडीपट्टीच्या नाटकांत रात्रभर नाचून पहाटे गाडीत डोके टेकवणाऱ्या कलावंत बायका मी जवळून पाहिल्या आहेत, म्हणूनच केइको मला परकी वाटली नाही.

मधल्या भागात पुरुष पात्रांची गर्दी होते. तात्सुया नाकादाई यांनी साकारलेला बारचा व्यवस्थापक मात्र लक्षात राहतो. उपशीर्षके इंग्रजीत असल्यामुळे आईला मी प्रसंग समजावून सांगत होतो. शेवटी रेल्वे स्टेशनचा प्रसंग आला, तेव्हा तिने हातानेच मला थांबवले.