लुधियानात घेतलेलं पंजाबी आकड्यांचं पुस्तक: गिरवायला मस्त, ऐकायला बेकार

नवऱ्याची बदली झाल्यामुळे सध्या लुधियानात आहोत, लेक पहिलीत, शाळेत पंजाबी कंपल्सरी, म्हणून चौडा बाजारातून 80 रुपयांना एक ते शंभरचं चित्रांचं पुस्तक आणलं. पानापानावर क्यूआर कोड आहे, स्कॅन केला की आकडा ऐकू येतो. खरं सांगायचं तर लेकीपेक्षा मीच जास्त वापरलं.

लिहिण्याच्या बाबतीत काही तक्रार नाही. गुरुमुखीतले, म्हणजे पंजाबीच्या लिपीतले, दोन, तीन, चार जवळपास आपलेच, पाच म्हणजे शिरोरेघ नसलेला प, पोरीने दोन दिवसात गिरवून टाकले. आणि मराठी माणसाला जड जात नाही हो हे, आपला शेवटचा स काढा नाहीतर त्याचा ह करा, वीसचं वीह, तीसचं तीह, चाळीसचं चाळी (हो, त्यांच्याकडे पण ळ आहे!), एकोणतीस म्हणजे उणत्ती, आपलं उणे त्यात बसलेलंच आहे. 13 च्या पानावर तराजू काढलाय. सुलतानपूर लोधीच्या मोदीखान्यात, म्हणजे सरकारी धान्यकोठारात, धान्य मोजताना गुरू नानक तेरापर्यंत आले आणि पुढे सगळं तुझंच म्हणून तेरा, तेरा करत मोजतच राहिले, ती गोष्ट. हे पान एक नंबर.

घोळ आहे तो आवाजाचा. मशीनचा सपाट आवाज लावलाय आणि पंजाबी सपाट बोलतातच कुठे, त्यात सूर असतो. लिहितात भाजी (म्हणजे भाऊ, आपली भाजी नव्हे), म्हणतात पाजी. लिहितात ढाई, ऐकू येतं टाई. ह कागदावर असतो, तोंडात नुसता सूर चढतो. पुस्तकात 25 ला पच्ची दिलंय, ते बरोबरच आहे, पण आमच्या गल्लीत सगळे पंझी म्हणतात, आणि 50 म्हणजे पंजाह. कानाला काय येतं, तर पंजी आणि पंजा! रेहडीवाल्याला, म्हणजे आपला हातगाडीवाला, किन्नूचा, म्हणजे तिकडच्या संत्र्याचा, भाव विचारला, मला पंजी ऐकू आलं, म्हटलं वा स्वस्त आहेत, दोन किलो घेतले, पन्नासची नोट दिली तर तो हात पुढे करून उभाच. मागे चार बायका हसतायत. शेजारच्या आंटींनी मग घरी बसवून दोन्ही शब्द दहा दहा वेळा म्हणून घेतले माझ्याकडून, तेव्हा कुठे फरक कळला.

सवा, डेढ, ढाई, पौणे यातलं एकही पुस्तकात नाही. अरे मग भाजी कशी घ्यायची माणसाने? साढे तरी द्यायचं, तोंडाने ते आपल्या साडेसारखंच येतं, फुकटात जमलं असतं.

बाइंडिंग पण यथातथाच, साठच्या पुढची पानं सुटली, टेप लावलीय.

पाचपैकी तीन स्टार. पोरांना गिरवायला बिनधास्त घ्या, क्यूआरच्या नादी लागू नका, त्यापेक्षा शेजारच्या आंटींबरोबर दोनदा मंडईत जाऊन या.