तपास काढून घ्यायचाय: दंडाधिकारी की हायकोर्ट?

पोलिसांनी ‘अकस्मात मृत्यू’ नोंदवून फाइल बाजूला टाकली की घरचे म्हणतात, सीबीआय लावा. कोर्टांपैकी तो आदेश हायकोर्ट किंवा सुप्रीम कोर्टच देऊ शकतं. 2010 च्या घटनापीठाच्या निकालानुसार त्याला राज्याची संमती लागत नाही, पण हे अपवादात्मक प्रकरणातच. आणि सीबीआय म्हणजे झटपट न्याय नव्हे. डॉ. दाभोलकर हत्येचा तपास मुंबई हायकोर्टाने 2014 मध्ये सीबीआयकडे दिला. निकालाला 2024 उजाडलं, पाचपैकी तिघे निर्दोष सुटले.

दंडाधिकाऱ्याला सीबीआय नेमता येत नाही. मात्र जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या 156(3), आताच्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या 175(3) कलमाखाली तो गुन्हा नोंदवायला लावतो, तपासावर लक्षही ठेवतो. मथुरा स्टेशनवर मृत सापडलेल्या लष्करी मेजरच्या वडिलांना सुप्रीम कोर्टाने 2007 मध्ये हाच रस्ता दाखवला. आधी ठाण्यात, मग पोलीस अधीक्षकांकडे लेखी तक्रार हवी. पोच जपून ठेवा.

गुन्हाच नोंदला नसेल तर माझं मत दंडाधिकाऱ्याच्या बाजूने. स्थानिक पोलिसांवरच संशय असेल तर हायकोर्ट. पण याचिकेत नुसतं ‘विश्वास नाही’ चालत नाही. पंचनाम्यातल्या आणि शवविच्छेदन अहवालातल्या जखमा कुठे जुळत नाहीत, ते पानासकट दाखवा.