एन-लिस्ट, डेलनेट की नुसतं फुकटातलं? अनुदानित कॉलेजने पैसे कुठे घालायचे

परवा एका मुलीचा फोन आला, नवीनच ग्रंथपाल म्हणून लागलीय एका तालुक्याच्या कॉलेजात. म्हणे मॅडम, प्राचार्य विचारतायत की एन-लिस्टचे पैसे भरतो, डेलनेटचे भरतो, आणि नॅशनल डिजिटल लायब्ररी तर फुकटच आहे, मग यातलं एखादं तरी बंद करा की. (एन-लिस्ट म्हणजे कॉलेजांना ई-जर्नल्स आणि ई-पुस्तकं देणारी सेवा, डेलनेट म्हणजे लायब्रऱ्यांचं आपसांतलं जाळं.) प्रश्न चुकीचा नाहीये. वेतनेतर अनुदान कधी येतं आणि किती येतं हे आपल्यात सगळ्यांना माहितीय, त्यामुळे वर्षाचे वीस हजार वाचले तर त्यात वाचनकक्षाचे पंखे होतात. तिच्याशी पाऊण तास बोलले आणि मग वाटलं लिहूनच टाकू, कारण दर मार्चला कुणी ना कुणी हेच विचारतं.

आधी वन नेशन वन सबस्क्रिप्शनचं उरकते, म्हणजे केंद्राने एकत्र पैसे भरून संस्थांना जर्नल्स, संशोधनाची नियतकालिकं, द्यायची योजना, कारण सध्या निम्मा गोंधळ त्याचाच आहे. नोव्हेंबर २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने मंजुरी दिली, २०२५ ते २०२७ या तीन वर्षांना ६,००० कोटी, ३० प्रकाशक, १३,००० च्या आसपास जर्नल्स. एल्सेव्हियर, स्प्रिंगर नेचर, वायली, सेज, टेलर अँड फ्रान्सिस, सगळी बडी मंडळी एका छपराखाली. बातमी आली त्या आठवड्यात आमच्या संस्थेतले एक पदाधिकारी लायब्ररीत येऊन म्हणाले, काय मॅडम, आता सगळं जग फुकट झालं ना तुम्हाला! झालं नाही. ती योजना केंद्र किंवा राज्य सरकार स्वतः चालवतं अशा संस्थांना आहे, आणि आपल्याकडे महाराष्ट्रात बहुतेक कॉलेजं चालवतात शिक्षण संस्था, म्हणजे पगार सरकारचा पण मॅनेजमेंट खाजगी. त्यामुळे शासकीय महाविद्यालय आत, विद्यापीठाचे विभाग आत, आणि त्याच शहरातलं, त्याच विद्यापीठाशी संलग्न असलेलं अनुदानित कॉलेज बाहेर. पुढे कधी घेतील तेव्हा घेतील, आज बजेट मांडताना ते धरू नका. आणि तिथे जर्नल्स आहेत, पुस्तकं नाहीत, हेही लक्षात ठेवा, कारण बीएच्या पोराला जर्नल नको असतं, पुस्तक हवं असतं.

एक सोय मात्र आहे. तुमच्या कॉलेजातल्या कुणाची पीएचडीची नोंदणी सरकारी विद्यापीठात असेल तर त्याने विद्यापीठाच्या ग्रंथालयात जाऊन सरळ विचारावं, संशोधक म्हणून मला लॉगिन मिळेल का, घरून चालेल का. अर्ध्याहून जास्त लोक विचारतच नाहीत आणि मग कुणाकुणाकडे पीडीएफ मागत फिरतात.

आता फुकटातलं. नॅशनल डिजिटल लायब्ररी, आयआयटी खरगपूरने उभी केलेली, जून २०१८ मध्ये रीतसर देशाला अर्पण झाली. लोकांना वाटतं इथे पुस्तकं ठेवलीयत. खरं म्हणजे बहुतेक वेळा इथे पुस्तकाचा पत्ता ठेवलेला असतो, म्हणजे नाव, लेखक, कुठल्या संग्रहातलं आहे ते दिसतं आणि क्लिक केलं की तुम्ही मूळ साइटवर, तिथे उघडलं तर उघडलं. हे वाईट नाहीये, एका ठिकाणी शोधता येणं हीच मोठी गोष्ट आहे, फक्त "आमच्याकडे कोट्यवधी पुस्तकं आहेत" असं बोर्डावर लिहू नका म्हणजे झालं. शाळेपासून पीजीपर्यंत सगळं एकत्र असल्याने आधी लेव्हल आणि भाषा फिल्टर लावायला शिकवा, नाहीतर एमएच्या मुलीला आठवीचे धडे दिसतात आणि ती पुन्हा ते पान उघडत नाही. इग्नूचं ई-ज्ञानकोश मला त्याहून जास्त उपयोगी वाटतं, युनिटवार पीडीएफ, भाषा सोपी, नेट-सेटवाल्यांना तर फारच. मराठीत मात्र तिथे फारसं काही सापडायचं नाही.

मग पैसेवाले दोन.

एन-लिस्ट म्हणजे गांधीनगरच्या इन्फ्लिबनेटचं, यूजीसीच्या लायब्ररी नेटवर्क केंद्राचं, २०१० पासून चालू. यूजीसीच्या २ एफ, १२ बी या मान्यता-यादीतल्या अनुदानित कॉलेजला वर्षाला ५,००० अधिक जीएसटी, म्हणजे ५,९००. विनाअनुदानितला दर बराच जास्त आहे, त्यांनी गणित वेगळं मांडावं. यात ६,००० च्या वर जर्नल्स आणि साधारण दोन लाख ई-पुस्तकं. यादी हलत असते, म्हणून रिन्यूअलआधी एकदा उघडून बघाच, विशेषतः तुमचे शिक्षक जे खरंच वाचतात तेवढी तरी नावं, आमच्याकडे अर्थशास्त्र आणि राज्यशास्त्राची माणसं इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली आहे का एवढंच विचारतात. पण एन-लिस्टची खरी गंमत यादीत नाहीये, ती लॉगिनमध्ये आहे. प्रत्येक विद्यार्थ्याला, प्रत्येक शिक्षकाला स्वतःचा आयडी. पोरगं गावी गेलं, रात्री अकराला मोबाइलवर बसलं, तरी चालतं. तालुक्याच्या कॉलेजात शेवटची एसटी साडेपाचला असते आणि मुली पाचलाच लायब्ररीतून उठतात, तिथे याची किंमत कळते.

डेलनेट वेगळंच प्रकरण आहे आणि दोघांची तुलना करताना लोक इथेच फसतात. १९८८ मध्ये दिल्लीतल्या लायब्रऱ्यांचं जाळं म्हणून सुरू झालं, १९९२ ला संस्था म्हणून नोंदणी झाली, आता देशभरातल्या लायब्रऱ्या सभासद आहेत. वर्षाला ११,५०० अधिक जीएसटी, म्हणजे १३,५७०, सुरुवातीला प्रवेश फी वेगळी. ई-जर्नल्सच्या याद्या तिथेही आहेत, पण त्यातलं बरंचसं ओपन अ‍ॅक्सेस, म्हणजे सगळ्यांना फुकट खुलं, जे तुम्हाला गूगल स्कॉलरवर तसंही मिळालं असतं. डेलनेटचा जीव आहे इंटर लायब्ररी लोन. म्हणजे तुमच्याकडे नसलेलं पुस्तक दुसऱ्या सभासद लायब्ररीकडून मागवायचं, कुरिअरने येतं, मुदतीत परत पाठवायचं.

आमच्या इतिहासाच्या सरांना एक पुस्तक हवं होतं, प्रिंटमध्ये नाही, पुण्यात विचारलं, नाही. डेलनेटच्या कॅटलॉगमध्ये सापडलं. आलं तेव्हा खाकी पाकिटात, वर दुसऱ्याच कुठल्या लायब्ररीचा गोल शिक्का, आणि मागे तारखांची चिठ्ठी चिकटवलेली, तिच्यावर शेवटची तारीख १९९१ ची. म्हणजे इतकी वर्षं कुणी नेलंच नव्हतं आणि आता आमच्याकडे एसटी स्टँडसमोरच्या कुरिअरवाल्याच्या टेबलावर पडलेलं. सर तीन आठवडे ते पुस्तक छातीशी धरून फिरत होते. त्यांच्यासाठी १३,५७० वसूल झाले, यात मला शंका नाही.

पण त्या वर्षी आमच्या कॉलेजातून एकूण मागण्या गेल्या तीन. १३,५७० भागिले तीन. साडेचार हजाराला एक पुस्तक पडलं, तेही परत करायचं.

म्हणून मी त्या मुलीला म्हटलं, जर्नल्सचे आकडे समोरासमोर ठेवून तुलना करू नको, त्याला काही अर्थ नाही. तुझं मागण्यांचं रजिस्टर काढ. गेल्या वर्षी किती पुस्तकं बाहेरून मागवली? दहाच्या वर असतील, पीजी सेंटर असेल, पीएचडी करणारी माणसं असतील, तर डेलनेट ठेव आणि प्राचार्यांना तो आकडा दाखव. शून्य असेल तर दोन शक्यता, एकतर गरज नाही किंवा कुणाला सांगितलंच नाही. आधी एक वर्ष सांगून बघ, स्टाफ मीटिंगमध्ये पाच मिनिटं माग, मग ठरव. एन-लिस्ट मात्र बंद करू नको, ५,९०० मध्ये शेकडो मुलांचं लॉगिन दुसरं कुणी देत नाही. इंजिनिअरिंग-फार्मसीवाल्यांचे नियम वेगळे, त्यात मी पडत नाही.

नॅकचं, म्हणजे कॉलेजांचं मूल्यांकन करणाऱ्या संस्थेचं, बोलायलाच हवं, कारण खरं कारण बऱ्याच ठिकाणी तेच असतं. त्यात लायब्ररीचं विचारतात, ई-रिसोर्सेस आहेत का, रिमोट अ‍ॅक्सेस आहे का, शोधगंगा (पीएचडीच्या प्रबंधांचं ऑनलाइन भांडार) आहे का, मग तपासणीची पीअर टीम यायच्या वर्षी सगळं घेतलं जातं, स्क्रीनशॉट काढून रंगीत प्रिंट फाइलला लागतात, आणि टीम गेली की पुढच्या वर्षी रिन्यूअल विसरलं जातं. असं करणार असाल तर करा, पण मग "विद्यार्थी वापरतच नाहीत" असं म्हणू नका.

आता मराठी विभाग. हा मुद्दा कुठल्याच तुलनेत येत नाही आणि मला सगळ्यात जास्त हाच सतावतो. मराठीच्या, आणि स्थानिक इतिहासाच्या, लोककलेच्या मुलांना वरच्या दोन्ही पैसेवाल्या सेवांचा उपयोग जवळपास नाही, जर्नल्स बहुतेक सगळी इंग्रजी. त्यांचं सामान आहे शोधगंगा आणि जुन्या पुस्तकांचे स्कॅन, आणि दोन्ही फुकट, लॉगिनसुद्धा नको.

शोधगंगेवर पाच लाखांच्या वर प्रबंध आहेत. आमच्याकडे एक मुलगी दशावतारावर एमएचं काम करत होती, रडकुंडीला येऊन म्हणाली मॅडम काहीच नाहीये. मी शेजारी बसले. तिने देवनागरीत "दशावतार" टाकलं होतं. मग रोमनमध्ये टाकलं, एकदा मधे ए घालून, एकदा ए न घालता, मग नुसतं कोकण आणि लोकनाट्य, आणि दर वेळी वेगळी यादी, कारण प्रबंध अपलोड करणाऱ्याने शीर्षक ज्या लिपीत, ज्या स्पेलिंगने टाकलं तसंच ते तिथे बसतं. त्यात प्रबंध एकसंध नसतो, प्रकरणागणिक वेगळी पीडीएफ, पहिली शीर्षकाची, दुसरी सर्टिफिकेटची, आणि पोरं पहिली उघडून बघतात, एकच पान दिसतं, बंद करतात. खाली जायचं. शेवटी ८० आकड्याने सुरू होणारी रेकमेंडेशनची फाइल असेल तर ती आधी वाचा, बऱ्याचदा निष्कर्ष तिथे असतो, म्हणजे सगळं वाचायचं की नाही ते कळतं. आणि जुने मराठी प्रबंध टाइप झालेत जुन्या फॉन्टमध्ये, युनिकोड नाही, त्यामुळे आतला मजकूर सर्च होत नाही, कॉपी केलं तर चौकोन आणि टिंबं येतात. उतरवूनच घ्यावं लागतं, वहीत.

जुन्या पुस्तकांसाठी इंटरनेट आर्काइव्ह. डिजिटल लायब्ररी ऑफ इंडियाने स्कॅन केलेली पुस्तकं तिथे आहेत, मराठी भरपूर, पण नावं रोमनमध्ये आणि कशीही लिहिलेली, तेव्हा इथेही दोन-तीन स्पेलिंगं करून बघा. लेखक जाऊन ६० वर्षं उलटली की आपल्याकडे कॉपीराइट संपतो, तेवढं बघून घेतलं की मनात धाकधूक राहत नाही. शब्दकोशांसाठी शिकागो विद्यापीठाच्या साइटवर मोल्सवर्थ आणि दाते-कर्वे दोन्ही शोधता येतात, देवनागरीत टाकून. मोल्सवर्थचा १८५७ चा कोश शिकागोतून उघडायचा आणि वापरायचा सिंधुदुर्गात, मला याचं अजून हसू येतं. विश्वकोश ऑनलाइन आहेच, राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाची पुष्कळ पुस्तकं पीडीएफमध्ये फुकट मिळतात. जेएसटोअर या जर्नल्सच्या साइटवर नुसतं खातं उघडलं तरी महिन्याला १०० लेख ऑनलाइन वाचता येतात, डाउनलोड नाही, पण महाराष्ट्रावरचं इंग्रजीतलं बरंच काम तिथे आहे.

तिने शेवटी विचारलं, मग मॅडम, एन-लिस्ट भरलं, यादी चांगली आहे, तरी वापर का नाही होत? मी म्हटलं तुझी एक्सेल उघड. आयडी तयार करायला मुलांची नावं आणि ईमेल एक्सेलमध्ये अपलोड करावे लागतात, ते ईमेल आपण ऑफिसकडून घेतो, ऑफिसने घेतलेत अ‍ॅडमिशन फॉर्मवरून, आणि फॉर्म भरलाय बाजारातल्या नेट कॅफेवाल्याने. आमच्या यादीत एकाच कॅफेवाल्याचा ईमेल चौदा मुलांच्या नावापुढे होता. पासवर्ड सगळे त्याला गेले. बिचाऱ्याने मला फोन करून विचारलं, मॅडम हे काय येतंय मला. आता मी जूनमध्ये ओळखपत्राचा फोटो काढायला मुलं लाइनीत उभी असतात तिथेच लॅपटॉप घेऊन बसते, ज्याचा त्याचा मोबाइल हातात, स्वतःचा जीमेल उघडून दाखवायचा, मगच नाव पुढे. दोन दिवस जातात. नुसतं विचारून होत नाही, स्क्रीन बघावी लागते, आणि नसेल तर तिथेच खातं काढून द्यावं लागतं.