लोक अदालत की क्लेम शेवटपर्यंत? माझ्या अंगठ्याचा हिशोब

ज्यांचा मोटर क्लेम (गाडीच्या अपघाताच्या भरपाईचा दावा) कोर्टात पडलाय आणि विमा कंपनीचा वकील "लोक अदालतीत बसू या" म्हणतोय त्यांच्यासाठी लिहितोय, कारण मी दोन्ही दारं बघून आलोय. सहा महिन्यांच्या आत दावा लावणं, एफआयआर वगैरे तुम्हाला माहीत असेलच, ते सोडतो.

इंदूरच्या राजवाड्याजवळ माझं घड्याळ दुरुस्तीचं दुकान. धुळ्याहून लग्न आटपून परत येताना सेंधव्याच्या अलीकडे ट्रकने आमच्या गाडीला मागून ठोकलं आणि माझा उजवा अंगठा मुळापासून गेला, म्हणजे आहे जागेवर, पण वाकत नाही. दावा मात्र इंदूरलाच लावला, राहतो तिथे लावता येतो, सेंधव्याच्या चकरा वाचल्या.

आता लोक अदालतीची बाजू आधी. पैसे लवकर येतात हे खरंच आहे. आमच्या रामबागेतल्या एका काकांचा पाय मोडला होता, नीट जुळला, त्यांनी लोक अदालतीत सही केली आणि दोनेक महिन्यांत रक्कम खात्यात. एकदा सही झाली की अपील नाही, ना तुम्हाला ना कंपनीला, त्यामुळे डोक्यालाही शांतता. हाड जुळलंय, कायमची खोट राहिली नाही, भांडण फक्त दवाखान्याच्या बिलांचं आहे, तर माझ्या मते तिथेच मिटवावं, उगाच तारखा कशाला खायच्या.

माझं अडलं ते एका गोष्टीवर. मेडिकल बोर्डाच्या सर्टिफिकेटवर उजव्या हाताची २४ टक्के कायमची अपंगता लिहिलेली. कंपनीचे वकीलसाहेब कागद उलटा करून म्हणाले, हे हाताचं झालं, अख्ख्या शरीरासाठी याचं एक तृतीयांश धरतात, म्हणजे ८, आणि मग एकच आकडा सांगितला, एकमुश्त पावणेतीन लाख. मी विचारलं की साहेब यात बिलं किती, दुकान बंद होतं त्याचे किती, पुढच्या कमाईचे किती? ते म्हणाले, "एकमुश्त म्हणजे एकमुश्त." मी माणूस असा की गिऱ्हाइकाला वीस रुपयांचा सेल बदलला तरी बिलावर सेल वेगळा आणि मजुरी वेगळी लिहून देतो, मला हे काही पचेना.

आणि २४ चे ८ करणं कागदावर ठीक असेल, पण चिमट्याने बारीक स्क्रू उचलायला अख्खं शरीर लागत नाही हो, अंगठाच लागतो. सुप्रीम कोर्टाने राजकुमार विरुद्ध अजयकुमार या २०१० च्या निकालात हेच सांगितलंय: टक्का नुसता बघू नका, माणूस आधी काय काम करायचा आणि आता त्यातलं काय करू शकतो ते बघा. तिथलं उदाहरणच आहे की डावा हात गेला तर ड्रायव्हरची किंवा सुताराची कमाई जवळजवळ सगळी जाते, सरकारी क्लार्कची नोकरी मात्र राहू शकते.

म्हणून शेवटपर्यंत लढलो. कोर्टात उलटतपासणी झाली तेव्हा मी लेन्स आणि चिमटाच घेऊन गेलो होतो, स्क्रू तीनदा खाली पडला, चौथ्यांदा जजसाहेबच म्हणाले राहू द्या. त्यांनी माझ्या कामाच्या दृष्टीने २० टक्के धरलं. हिशोब असा: महिना १२,००० कमाई मानली (आयटीआर, म्हणजे इन्कम टॅक्सचं रिटर्न, नव्हतं, जुनी बिलबुकं कामी आली, नाहीतर मिनिमम वेजेसवरच अडकलो असतो), वर्षाचे १,४४,०००, सुप्रीम कोर्टाच्याच प्रणय सेठी निकालाप्रमाणे पुढच्या वाढीचे २५ टक्के कारण वय ४३ आणि स्वतःचा धंदा, म्हणजे १,८०,०००, त्याला सरला वर्मा निकालातला १४ चा मल्टिप्लायर (वर्षाच्या कमाईला गुणायचा, वयावरून ठरणारा आकडा), आणि त्याचे २० टक्के म्हणजे ५,०४,०००. हेच ८ टक्क्यांनी २,०१,६०० झाले असते. बिलं, दुकान बंद होतं ते पाच महिने, वेदना, हे वेगळं, आणि वर दावा लावल्यापासूनचं व्याज.

फुकट नाही मिळालं हे. तीन वर्षं गेली, सर्टिफिकेट देणारे डॉक्टर साक्षीला दोन तारखा आलेच नाहीत, आणि निकालानंतर कंपनी ९० दिवसांत हायकोर्टात जाईल का या धास्तीत बायकोने देव पाण्यात ठेवले होते. रकमेतला मोठा भाग कोर्टाने एफडीत टाकला, हातात थोडाच आला. घरात दुसरी कमाई नसती तर मीही कदाचित पावणेतीन लाखांवर सही केली असती, कोणाला नावं ठेवत नाही.

पण काम हातापायाचं असेल आणि खोट कायमची असेल तर लोक अदालतीत बसण्याआधी वकिलाकडून वरचा हिशोब तुमच्या वयाने आणि कमाईने एकदा कागदावर मांडून घ्या, आणि समोरच्याला विचारा की तुमच्या आकड्यात टक्का किती धरलाय. आम्हाला त्यांनी लिहून दिलंच नव्हतं, तोंडी सांगितलेला ८ चा आकडा मीच माझ्या डायरीत लिहून घेतला होता, डाव्या हाताने.