जीझस ऑफ नॅझरेथ एचडीमधे, सात महिन्यांनंतर

येशूच्या आयुष्यावरच्या या मालिकेची ब्लू-रे डिस्क घेऊन सात महिने झाले, एकदा सलग आणि दोनदा तुकड्यातुकड्याने बघून झाली म्हणून आता लिहितोय, पहिल्याच दिवशी लिहिलं असतं तर नुसत्या शिव्या घातल्या असत्या. लावल्या लावल्या सगळे चेहरे आडवे सुजलेले! डिस्कची चूक नव्हती, माझाच टीव्ही चित्र ताणून स्क्रीन भरत होता. १९७७ ची टीव्ही मालिका आहे, फ्रेम ४:३ म्हणजे जुन्या टीव्हीसारखी चौकोनी, बाजूला काळ्या पट्ट्या राहणारच, राहू द्यात.

शूटिंग फिल्मवर झालेलं, त्यामुळे एचडीत खरंच जास्त दिसतं, पण फिल्मचा बारीक दाणाही दिसतो. तो घालवायला मी टीव्हीतलं नॉइज रिडक्शन (दाणा पुसून चित्र गुळगुळीत करणारं सेटिंग) चालू केलं तर येशू झालेला रॉबर्ट पॉवेल मेणाचा पुतळा दिसायला लागला, ताबडतोब बंद केलं. आणि त्याचे डोळे, बापरे! पापणी लवतच नाही जवळपास. आता मात्र डोळ्यांना केलेला मेकअपपण कळतो, काहींच्या दाढ्या चिकटवलेल्या कळतात, एकदा दिसलं की नजर तिथेच जाते. मोरोक्को-ट्युनिशियातली धूळ, उन्हात पांढऱ्या पडलेल्या भिंती, जाडेभरडे कपडे हे मात्र मस्तच.

माझे पैसे वसूल झाले ते मत्तयच्या घरच्या सीनमधे. मत्तय जकातदार, त्याच्या घरी येशू जेवायला गेलाय म्हणून शिष्य पेत्र चिडलेला, आत यायला तयार नाही, आणि आत येशू उधळ्या पुत्राचा दाखला सांगतोय, सगळं उधळून परत आलेल्या धाकट्याला बाप जवळ घेतो आणि थोरला रुसतो ती गोष्ट. आधी मी फक्त येशूकडे बघायचो, आता दाराशी उभ्या पेत्राचा चेहरा बघतो, हळूहळू त्याला कळत जातं की गोष्टीतला तो रुसलेला थोरला भाऊ म्हणजे आपणच. दिग्दर्शक झेफिरेल्लीने गर्दीतल्या चेहऱ्यांवर किती काम केलंय ते जुन्या धुरकट कॉपीत कळलंच नव्हतं.

सहा तासांच्या वर आहे, एका बैठकीत बघायच्या भानगडीत पडू नका. मी ते केलं आणि येशूला शिक्षा देणाऱ्या रोमन सुभेदार पिलातापर्यंत पोचेस्तोवर झोपलो, त्या भूमिकेत रॉड स्टायगर समोर असताना! लॉरेन्स ऑलिव्हिएचा निकदेम, येशूला मानणारा ज्यू पुढारी, तर ताज्या डोळ्यांनीच बघा. आवाजाचं एक आहे, लोक कुजबुजतात तेव्हा वाढवावा लागतो आणि मग मॉरिस जारचं संगीत दणकन अंगावर येतं. रात्री बघताना रिमोट हातातच ठेवतो मी.